केलेल्या कामाचे पैसे

मंडळी, आज आपण एक मोठा हिशेब वाचू.

ओढ्यावर मोरी बांधायची असते. काम सरकारी असते. कधी ठेकेदार ते घेतो, कधी आपल्याच गावची मजूर सहकारी संस्था घेते. मोरी होते. गाड्या वरून जाऊ लागतात. बिल मात्र अडकते. संस्थेचे चेअरमन कचेरीच्या पायऱ्या झिजवतात, आणि इकडे मुकादमाच्या दारात मजूर बसलेले. हातावर पोट असलेल्या माणसाने किती दिवस थांबावे?

पैसे का अडकतात? कधी निधीच आलेला नसतो. पण पुष्कळदा भांडण मापाचे असते. ते कसे होते पाहा.

समजा, अंदाजपत्रकात मोरीचा पाया ८ मीटर लांब, २ मीटर रुंद आणि १ मीटर खोल धरला आहे. म्हणजे खोदाई १६ घनमीटर. खणायला लागल्यावर खाली गाळ निघाला. साहेब जागेवर आले. बघून म्हणाले, "अजून अर्धा मीटर खाली जा. घट्ट मुरूम लागू दे." संस्थेने खणले. खोली दीड मीटर झाली. खोदाई झाली २४ घनमीटर. लगोलग पाया भरला, वर भिंत आली. चार महिन्यांनी बिल निघाले, ते १६ घनमीटरचे! साहेबांची बदली झालेली. नवे साहेब म्हणतात, "दीड मीटर कुठे आहे, दाखवा." आता काय दाखवणार? मोरी फोडून दाखवायची का?

नवे साहेब खोटे बोलत नाहीत. संस्थाही खोटे बोलत नाही. मधे कागद नाही, एवढेच.

सरकारी बांधकामात एक वही असते. तिला मोजमाप पुस्तक म्हणतात. ठेकेदार लोक तिला 'एम्. बी.' म्हणतात. तिच्या पानांवर नंबर असतात. पान फाडायचे नसते. अभियंता जागेवर माप घेतो आणि या वहीत लिहितो. बिल निघते ते वहीवरून. म्हणून माप घेताना आपला माणूस तिथे हजर पाहिजे, आणि त्याला आकडे वाचता आले पाहिजेत. जे काम मातीखाली जाणार, ते झाकण्याआधी मोजून घ्यावे. माप पटले तर सही करावी. न पटले तर 'हरकत आहे' असे लिहून मग सही करावी. शेवटच्या बिलावर कधी कधी 'सर्व पैसे मिळाले, आता काही मागणे नाही' असा मजकूर असतो. पैशाच्या घाईत त्यावर सही झाली, की पुढे भांडणे फार जड जाते. आम्हाला वाटते, निम्मे वाद या सहीपाशीच हरले जातात.

मग तोंडी हुकुमावर काम केले, तर पैसे बुडालेच का? तसे नाही. यावर एक गाजलेला खटला आहे. तो बंगालचा आहे.

साल १९४४. हुगळी जिल्ह्यात आरामबाग नावाचे गाव आहे. तिथे बी. के. मंडल आणि सन्स ही पेढी सरकारच्या पुरवठा खात्याची बांधकामे करत होती. अधिकाऱ्यांनी सांगितले, म्हणून पेढीने एक कच्चा रस्ता केला. पहारेकऱ्याची खोली, कचेरी, स्वयंपाकघर बांधले. त्याचे बिल २,३२२ रुपये ८ आणे झाले. मग खानाकुल येथे साठ्याच्या शेड बांधल्या. त्याचे बिल १७,००३ रुपये झाले. सरकारने पैसे दिले नाहीत. सरकार म्हणाले, "कायद्याने ठरवलेल्या रीतीने करार झालेलाच नाही. अधिकाऱ्याच्या शब्दाने आम्ही बांधले जात नाही."

खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. निकाल लागला १९६१ च्या डिसेंबरात. न्यायालय म्हणाले, करार कायदेशीर नव्हता हे खरे. पण १८७२ च्या करार कायद्यात ७० वे कलम आहे. एकाने दुसऱ्यासाठी रीतसर काम केले, ते फुकट करायचे म्हणून केले नाही, आणि दुसऱ्याने त्याचा लाभ घेतला, तर त्याने भरपाई दिली पाहिजे. सरकारला बांधकाम नको म्हणता आले असते. त्याने ते घेतले आणि वापरले. सरकारचे अपील फेटाळले गेले.

पेढी जिंकली खरी, पण १७ वर्षांनी. तेवढा दम मजूर संस्थेला कुठून असणार?

म्हणून वाद सुरू होताच करार उघडून पाहावा. वाद कोणाकडे न्यायचा आणि किती दिवसांत, याचे कलम त्यात असते. कुठे वरच्या अभियंत्याकडे जायचे असते, कुठे लवादाकडे. लवाद म्हणजे गावच्या पंचासारखाच तिसरा माणूस. पण १९९६ च्या कायद्याने त्याचा निर्णय कोर्टाच्या हुकुमासारखा बजावता येतो. दोन्ही बाजू राजी असतील, तर लोकअदालतीतही तडजोड होते. तिथे फी नाही. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे अर्ज द्यावा. कोर्टातच जायचे असेल, तर राज्य सरकारला आधी २ महिन्यांची नोटीस द्यावी लागते.

मापाची नक्कल हवी असेल, तर २००५ च्या माहिती अधिकार कायद्याखाली सभासदाने आपल्या नावाने अर्ज करावा. अर्जाला १० रुपये लागतात. नकलेचे पैसे वेगळे. ३० दिवसांत उत्तर द्यायचे असते.

आणि हे नीट लक्षात घ्या. अशा दाव्यांना बहुतेक ३ वर्षांची मुदत असते. आपण अर्जावर अर्ज करत राहिलो, म्हणून ती थांबत नाही. मात्र मुदत संपण्याआधी कचेरीने 'देणे आहे' असे सहीनिशी लिहून दिले, तर त्या दिवसापासून मुदत नव्याने मोजतात.

आता मोरीच्या पायाकडे परत येऊ. साहेब "खाली जा" म्हणाले, त्याच दिवशी संस्थेने काय लिहायला हवे होते? खालचे पत्र वहीत उतरवून काढा.

"मा. उपअभियंता साहेब यांस,
ओढ्यावरील मोरीचे काम आमची संस्था करीत आहे. आज आपण जागेवर येऊन पाया अर्धा मीटर जास्त खोल घेण्यास सांगितले. तसा लेखी हुकूम मिळावा. पाया भरण्यापूर्वी आमच्या समक्ष माप घेऊन मोजमाप पुस्तकात नोंद करावी, ही विनंती.
तारीख, सही, शिक्का."

याच्या दोन प्रती काढायच्या. एक कचेरीत द्यायची. दुसरीवर कचेरीचा आवक शिक्का आणि तारीख घ्यायची. कारकून कां कूं करू लागला, तर स्पीड पोस्टाने पाठवून पावती प्रतीला टाचून ठेवायची.