अमोल मुझुमदार : खेळाडू आणि शिक्षक

ता. २ नोव्हेंबर २०२५ रोजीं, रविवारीं, नव्या मुंबईच्या डी. वाय. पाटील मैदानावर भारतीय महिलांच्या संघानें दक्षिण आफ्रिकेचा ५२ धावांनीं पराभव करून एकदिवसीय क्रिकेटचा विश्वचषक प्रथमच जिंकला, हें आमच्या वाचकांस नव्यानें सांगावयास नको. पावसामुळें सामना उशिरां सुरू झाला व मध्यरात्रीच्या सुमारास संपला. जुन्नर व आंबेगांव ह्या तालुक्यांत त्या रात्रीं किती घरांतून दिवे जळत होते हें कोणीं मोजलें नाहीं; परंतु आम्ही ज्या घरीं बसलों होतों तेथें उंबऱ्यापर्यंत माणसें दाटलीं होतीं. बिबट्याच्या भीतीनें एरवीं दिवेलागणीस दार लावून घेणारी मंडळीहि त्या रात्रीं बॅटऱ्या घेऊन आली होती.

विजयाचा गलबला चालू असतां कर्णधार हरमनप्रीत कौर हिनें संघाचे प्रशिक्षक अमोल मुझुमदार ह्यांच्या पायांस वांकून हात लावला. तें दृश्य पाहून आमच्या शेजारीं बसलेल्या एका पालकांनीं विचारलें, “सर, हे गृहस्थ आपल्या वेळेस भारताकडून किती सामने खेळले?”

आम्हीं म्हटलें, “एकहि नाहीं, अण्णा.”

ते क्षणभर थांबले आणि म्हणाले, “मग ह्या पोरी त्यांचें ऐकतात कशा?”

हा प्रश्न आम्हांस विचारण्याचा त्या पालकांस विशेष अधिकार होता, तो असा. कांहीं आठवड्यांपूर्वीं आम्हीं शाळेच्या संघाची यादी सूचनाफलकावर लावली, त्या यादींत त्यांच्या मुलाचें नांव नव्हतें. मुलगा दोन वर्षें नेमानें सरावास येत असे. तो तोंड उतरवून आमच्याकडे आला, तेव्हां आम्हीं त्यास म्हटलें, “ठीक आहे, आतां खेळ पुरे, पुस्तक हातीं धर.” हें वाक्य बोलण्यास आम्हांस अर्धें मिनिटहि लागलें नाहीं. मुलगा मात्र त्यानंतर मैदानाकडे फिरकला नाहीं. म्हणून अण्णांच्या प्रश्नाचें उत्तर त्या रात्रीं दोन शब्दांत देऊन मोकळें होणें आम्हांस प्रशस्त वाटलें नाहीं. तें येथें सविस्तर देत आहों.

अमोल मुझुमदार ह्यांचा जन्म मुंबईस ११ नोव्हेंबर १९७४ रोजीं झाला. दादरच्या शारदाश्रम विद्यामंदिरांत ते शिकले व शिवाजी पार्कवर रमाकांत आचरेकर ह्यांच्या हाताखालीं क्रिकेट शिकले. ह्या आचरेकर सरांविषयीं दोन शब्द सांगितल्यावांचून पुढें जातां येत नाहीं. सर मूळचे मालवणचे. स्टेट बँकेंत नोकरी करीत, व मोठ्या दर्जाचा, ज्यास प्रथम श्रेणीचा म्हणतात असा, एकच सामना ते आयुष्यांत खेळले. तो १९६३-६४ च्या हंगामांत, हैदराबादेविरुद्ध. खेळाडू म्हणून त्यांचें नांव पुस्तकांत शोधूं गेल्यास एका ओळीपलीकडे सांपडणार नाहीं. परंतु सचिन तेंडुलकर, विनोद कांबळी, प्रवीण अमरे, चंद्रकांत पंडित, अजित आगरकर हीं सारीं त्यांच्याच हातचीं रोपें. मुलगा बाद होऊं लागला कीं ते यष्टीवर एक रुपयाचें नाणें ठेवीत. गोलंदाजानें बाद केलें तर नाणें त्याचें, शेवटपर्यंत टिकला तर फलंदाजाचें. १९९० सालीं त्यांस द्रोणाचार्य पुरस्कार व २०१० सालीं पद्मश्री मिळाली. २०१९ च्या जानेवारींत ते वारले. ते मुलांस प्रसंगीं थप्पडहि लगावीत. ती रीत आम्हांस मान्य नाहीं, व आज कायद्यासहि मान्य नाहीं; तथापि त्यांचे विद्यार्थी ती आठवण कृतज्ञतेनेंच सांगतात, हेंहि नमूद केलें पाहिजे.

आतां १९८८ च्या फेब्रुवारी महिन्याकडे वळूं. मुंबईच्या आझाद मैदानावर शाळांशाळांमधील हॅरिस ढालीचा उपांत्य सामना चालला होता. एका बाजूस शारदाश्रम, दुसऱ्या बाजूस सेंट झेवियर्स. क्रिकेट न जाणणाऱ्या मातापित्यांसाठीं सांगतों कीं, फलंदाजीस एका वेळीं दोघेच उतरतात. त्यांतील एक बाद झाला म्हणजे पुढच्याची पाळी. शारदाश्रमचे दोन गडी बाद झाले व सचिन आणि विनोद एकत्र आले. पुढची पाळी तेरा वर्षांच्या अमोलची. तो पायांस पॅड बांधून बसला. पहिला दिवस सरला, दुसरा उजाडला, दोघांपैकीं कोणीहि बाद होईना. सचिनच्या नाबाद ३२६ व विनोदच्या नाबाद ३४९ धावा झाल्या, दोघांनीं मिळून ६६४ धावांची अभंग भागी केली, आणि २ बाद ७४८ वर डाव घोषित करण्यांत आला. विनोदला साडेतीनशेंस एक धाव कमी होती. पण डाव थांबविण्याची सरांची सूचना होती, ती मानावी लागली. जगानें त्या दोघांचीं नांवें पाठ केलीं. अमोलनें पॅड सोडले.

ही आठवण गोष्टीसारखी सांगितली जाते. परंतु जिच्यावर आली त्या मुलाचें उभें आयुष्य तिच्याच नमुन्यावर उमटलें, हें तिच्यांतील खरें मर्म होय.

अमोल कर्तृत्वानें उणा होता असें कोणी समजूं नये. १९९३-९४ च्या हंगामांत मुंबईकडून पहिलाच रणजी सामना खेळतांना त्यानें फरीदाबाद येथें हरियाणाविरुद्ध २६० धावा केल्या. प्रथम श्रेणीच्या पहिल्या सामन्यांत इतक्या धावा तोंवर जगांत कोणींच केल्या नव्हत्या. हा विक्रम २०१८ सालापर्यंत टिकला. दुसरा तेंडुलकर आला, असें लोक म्हणूं लागले. पुढें वीस वर्षांत तो १७१ प्रथम श्रेणीचे सामने खेळला, ११,१६७ धावा केल्या व ३० शतकें काढलीं. इतकें असूनहि भारताच्या संघांत त्याचें नांव एकदांहि आलें नाहीं.

कां आलें नाहीं? निवडसमितीनें अन्याय केला असें म्हणणारे पुष्कळ आहेत. आम्ही त्या वादांत शिरत नाहीं. मधल्या फळींत जागा थोड्या. सचिन तेथें आधींच होता. १९९६ च्या जूनमध्यें लॉर्ड्सच्या मैदानावर सौरव गांगुली व राहुल द्रविड हे एकाच सामन्यांत उतरले, आणि त्याच वर्षाअखेर लक्ष्मण आला. ह्या चौघांनीं कसोटी सामन्यांत मिळून पंचेचाळीस हजारांहून अधिक धावा केल्या. चौघांपैकीं कोणी लौकर बाद होण्याचें चिन्ह दिसेना. पॅड बांधून बसलेला मुलगा पुनः बसूनच राहिला; फरक एवढाच कीं ह्या खेपेस दोन दिवस नव्हे, तर सारें तारुण्य लोटलें.

ह्या वर्षांत त्यानें काय केलें, हें आम्हांस अधिक महत्त्वाचें वाटतें. तो खेळत राहिला. २००६-०७ सालीं तो मुंबईचा कर्णधार होता. पहिले तीन सामने मुंबई हरली. उपांत्य सामन्यांत बडोद्याविरुद्ध दुसऱ्या डावांत एकहि धाव होण्यापूर्वीं पांच गडी तंबूंत परतले. आमच्या मुलांनीं हा आंकडा पुनः वाचावा, छपाईची चूक नाहीं. तो सामना मुंबईनें जिंकला, आणि अंतिम सामन्यांत बंगालचा पराभव करून रणजी चषकहि जिंकला. २००९ सालीं त्यानें मुंबई सोडली. आधीं आसामकडून व पुढें आंध्राकडून, म्हणजे मुंबईच्या मानानें लहान समजल्या जाणाऱ्या संघांकडून, तरुण खेळाडूंमध्यें वडीलधारा म्हणून तो खेळला. २०१४ सालीं, चाळिशीच्या उंबरठ्यावर, त्यानें बॅट खालीं ठेवली.

येथून पुढें त्यांस ‘ते’ म्हणावें हें बरें, कारण येथून ते शिक्षक झाले.

ज्यास स्वतःस जमत नाहीं तो मास्तर होतो, अशी एक थट्टा आहे. आम्ही मास्तर असल्यामुळें ती आम्हीं पुष्कळ वेळां ऐकली आहे. ती खोटी आहे. ज्या द्रविडनें ती जागा धरून ठेविली तोच २०२४ सालीं पुरुषांच्या संघाचा प्रशिक्षक होता व त्या संघानें वीस षटकांचा विश्वचषक जिंकला. म्हणजे थोर खेळाडूहि उत्तम शिक्षक होतो. उलट, मोठ्या मैदानाचें दर्शनहि न झालेला मनुष्य उत्तम शिक्षक होतो, ह्याचेंहि प्रमाण आहे. स्पेन देशांत राफाएल बेनीतेझ नांवाचा एक फुटबॉलपटू होता. माद्रिदच्या नामांकित संघाच्या दुय्यम तुकडींत तो वाढला, परंतु पहिल्या संघांत त्यास स्थान मिळालें नाहीं. पार्ला, लिनारेस अशा खालच्या वर्गांतील संघांकडून तो खेळला, दुखापतींनीं जेरीस आला, आणि सव्विसाव्या वर्षीं त्याचा खेळ संपला. त्यानें शारीरिक शिक्षणाची पदवी घेतली होती. मुलांच्या संघांस शिकवीत शिकवीत तो वर चढला. २००५ सालीं इस्तंबूल येथें युरोपच्या अंतिम सामन्यांत त्याचा लिव्हरपूल संघ मध्यंतरास तीन गोलांनीं मागें होता व तरी जिंकला. तात्पर्य, खेळणें ही एक विद्या आणि शिकविणें ही दुसरी. पहिली येणें दुसरीस साह्य करतें, पण दुसरीची जागा घेत नाहीं. ती निराळी कमवावी लागते.

मुझुमदारांनीं ती कमविली. राजस्थान रॉयल्सच्या फलंदाजांस त्यांनीं शिकविलें. २०१९ सालीं भारताच्या दौऱ्यावर आलेल्या दक्षिण आफ्रिकेच्या संघासहि कांहीं काळ शिकविलें. २०२१ सालीं ते मुंबईचे प्रशिक्षक झाले. पुढील वर्षीं बंगळूरास रणजीचा अंतिम सामना झाला, त्यांत मुंबईसमोर मध्य प्रदेशाचा संघ होता व त्या संघाचे प्रशिक्षक होते चंद्रकांत पंडित, म्हणजे दोन्हीं बाजूंस आचरेकर सरांचेच शिष्य. पंडित १९९९ सालीं ह्याच मैदानावर मध्य प्रदेशाचे कर्णधार म्हणून अंतिम सामना हरले होते. तेवीस वर्षांनीं ते शिक्षक म्हणून जिंकले. मुझुमदारांच्या वाट्यास त्या दिवशीं पराभवच आला. शिकविण्यांतहि पाळीची वाट पाहावी लागते, असें दिसतें.

ऑक्टोबर २०२३ मध्यें भारतीय महिलांच्या संघाचे मुख्य प्रशिक्षक म्हणून त्यांची नेमणूक झाली. त्याच डिसेंबरांत संघानें इंग्लंड व ऑस्ट्रेलिया ह्या दोघांनाहि कसोटींत हरविलें. पण २०२४ च्या वीस षटकांच्या विश्वचषकांत संघ पहिल्याच फेरींत बाहेर पडला व टीका झाली. २०२५ च्या विश्वचषकांतहि दक्षिण आफ्रिका, ऑस्ट्रेलिया व इंग्लंड ह्यांच्याकडून लागोपाठ तीन पराभव झाले. इंग्लंडविरुद्धचा तर अवघ्या चार धावांनीं. २००६-०७ च्या मुंबईचे पहिले तीन सामने वाचकांस येथें आठवतील. मुझुमदारांस ते आठवले असतील कीं नाहीं हें आम्ही कसें सांगावें? परंतु तीन पराभवांनंतर चौथ्या दिवशीं सकाळीं उठून सरावास जावयाचें असतें, ही गोष्ट त्यांस पुस्तकांत वाचावी लागली नव्हती.

इंग्लंडविरुद्धच्या त्या सामन्यांत जेमिमा रॉड्रिग्ज हिला संघांतून वगळण्यांत आलें होतें. पुढच्याच सामन्यांत तिला परत घेतलें, व फलंदाजीस तिसऱ्या क्रमांकावर पाठविलें. तिनें नाबाद ७६ धावा केल्या. नंतर ता. ३० ऑक्टोबरला ऑस्ट्रेलियाविरुद्धचा उपांत्य सामना आला. जिंकण्यास ३३९ धावा हव्या होत्या; महिलांच्या एकदिवसीय क्रिकेटमध्यें इतक्या धावांचा पाठलाग पूर्वीं कोणीं यशस्वी केला नव्हता. त्या सामन्याच्या वेळीं मुझुमदारांनीं खोलींतील फळ्यावर एवढेंच लिहिलें कीं, अंतिम सामन्यांत जाण्यास त्यांच्यापेक्षां एक धाव अधिक हवी. आम्ही रोज फळ्यावर पुष्कळ लिहितों. इतकें थोडें लिहिण्याचें धैर्य आम्हांस अजून आलेलें नाहीं. जेमिमानें नाबाद १२७ धावा केल्या व भारत पांच गडी राखून जिंकला.

तर अण्णांचा प्रश्न : पोरी त्यांचें ऐकतात कशा? आम्हांस वाटतें तें असें. जिला काल वगळलें तिच्याशीं आज काय बोलावें, हें सर्वांस साधत नाहीं. ज्याचें नांव यादींत नेहमींच होतें त्यास त्या बाजूची वाट ठाऊक नसते. आणि ज्याचें कधींच नव्हतें तो बहुधा कडवट होऊन निघून जातो. हा मनुष्य वीस वर्षें यादीबाहेर राहिला, कडवट झाला नाहीं, व मैदान सोडून गेला नाहीं. यादींत असलेल्या व नसलेल्या दोघींसहि त्यांचा शब्द परका वाटत नसावा.

हें आम्हीं अण्णांस दुसऱ्या दिवशीं शाळेच्या व्हरांड्यांत सांगितलें. ते म्हणाले, “सर, हें मला सांगून काय उपयोग? त्याला सांगा.”

म्हणून दिवाळीच्या सुटीनंतर आम्हीं त्या मुलास बोलावून घेतलें, आणि सूचनाफलकाजवळ जें बोललों होतों तें चुकलें, असें त्यास सांगितलें. तो कांहीं बोलला नाहीं. बुधवारीं सरावाच्या वेळीं मात्र तो आला, आणि सहावीच्या मुलांस चेंडू कसा अडवावा हें दाखवीत कुंपणाशीं उभा असलेला आम्हीं पाहिला. शनिवारीं नारायणगांवच्या संघाशीं सामना आहे. यादी अद्याप लावलेली नाहीं.