एका जुन्या चित्रपटाचा उरलेला तुकडा

फळ्यावरील वाक्य अर्धें पुसलें गेलें असतां उरलेल्या अक्षरांवरून आपण तें पुरें करतों. परंतु त्यांत आपल्या पदरचे शब्द किती, हें लवकरच विसरतों. इतिहासाच्या अभ्यासांतही असेंच घडतें. डेन्मार्क देशांतील एक उदाहरण पाहा.

पीटर एल्फेल्ट या छायाचित्रकारानें १८९७ सालीं कुत्र्यांनीं ओढलेल्या घसरगाडीचें हलतें चित्र घेतलें. तो त्या देशांतील पहिला चित्रपट मानला जातो. पुढें १९०३ सालीं त्यानें नटांकडून काम करवून ‘हेनरेट्टेल्सन’, म्हणजे ‘देहदंड’, हा मूकपट तयार केला. आपल्या दोन मुलांचा वध केल्याबद्दल मृत्युदंड झालेल्या एका फ्रेंच स्त्रीची ही कथा. आज या चित्रपटाचा कांहीं भागच शिल्लक आहे. ती स्त्री वधस्थानाकडे नेली जात असल्याचें त्यांत दिसतें.

बाकीचा भाग कां उरला नसावा? त्या काळीं फिती नायट्रेटयुक्त सेल्युलॉइडच्या असत. हें द्रव्य चटकन् पेट घेतें. पेटल्यावर तें पाण्याखालींही जळत राहतें. जळलें नाहीं तरी उष्णतेनें व दमट हवेनें कुजून त्याची अखेर भुकटी होते. शिवाय आंतील चांदी काढून घेण्यासाठींही पुष्कळ जुन्या फिती नष्ट केल्या गेल्या. एक फूट फितीवर १६ चित्रें असतात. सेकंदास १६ चित्रें या गतीनें एक फूट फीत गेली कीं एक सेकंद गेला.

आतां उरलेल्या तुकड्यास तीन प्रश्न विचारूं. डोळ्यांना काय दिसतें? मरणाकडे चाललेली स्त्री. दुसरीकडून काय कळतें? तिचा अपराध. आपण पदरचें काय घालतों? तिच्या मनांतील पश्चात्ताप किंवा कठोरपणा. अपराध ठाऊक नसता तर कदाचित् आपण तिला निर्दोष मानलें असतें! आणि आणखी एक गोष्ट: पडद्यावरील स्त्री ती फ्रेंच माता नव्हेच, ती एक नटी आहे. म्हणून हा तुकडा त्या देहदंडाचा साक्षीदार नसून १९०३ सालच्या चित्रपटकलेचा साक्षीदार आहे.

सुटींत घरांतील एखादें जुनें छायाचित्र घेऊन हेच प्रश्न विचारा, आणि वडील मंडळींना सांगतां येतात तोंवर त्यांतील माणसांचीं नांवें मागील बाजूस लिहून ठेवा. अर्धें पुसलेलें वाक्य पुरें करणारे हात नेहमीं जवळ असतातच असें नाहीं.