गृहिणीच्या श्रमाचे मोल : कायद्याच्या हिशेबात

गेल्या वर्षी माझ्या मामी हमरस्ता ओलांडताना मोटारीखाली सापडून वारल्या. वय ३८. मागे मामा आणि शाळेत जाणारी दोन मुले. नुकसानभरपाईचा अर्ज भरायला मी मामांजवळ बसलो होतो. अर्ज कानडीत होता. 'उद्योग' या रकान्याशी मामा थांबले आणि म्हणाले, "काही नाही असं लिही. घरीच असायची ती."

कानडीत उद्योग म्हणजे नोकरीधंदा. मराठीत पाहिले तर मामींच्या मागे पहाटेपासून उद्योगच उद्योग होता. पाणी भरणे, भाकऱ्या, मुलांचे डबे, म्हशीची धार. डेअरीचे बिल मात्र मामांच्या नावावर निघे. ज्या कामाला पगार नाही त्याची किंमत न्यायालय कशी ठरवते, असा प्रश्न कायद्याचा विद्यार्थी म्हणून मला पडला. त्याच प्रश्नाचा हा अल्पसा अभ्यास.

प्रथम एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. भरपाईची मुख्य रक्कम ही दुःखाची किंमत नव्हे. मृत व्यक्तीकडून आश्रितांना जे मिळत होते ते बंद पडले, त्याची ती भरपाई असते. म्हणून पहिला प्रश्न उत्पन्नाचा येतो, आणि गृहिणीची बाजू तेथेच लंगडी पडते. त्यासाठी न्यायालय 'मानीव उत्पन्न' धरते, म्हणजे हातात पैसा येत नसला तरी हिशेबापुरते मानलेले उत्पन्न.

मोटार वाहन कायदा, १९८८ यात १९९४ साली जी अनुसूची घातली गेली, तिच्यात न कमावत्या पत्नीचे उत्पन्न हयात पतीच्या उत्पन्नाच्या एक-तृतीयांश धरावे, असा नियम होता. म्हणजे शिपायाच्या बायकोची भाकरी स्वस्त आणि साहेबाच्या बायकोची महाग! हा नियम आता राहिलेला नाही.

जमशेदपूर येथे ३ मार्च १९८९ रोजी झालेल्या अग्निकांडाच्या प्रकरणात (लता वाधवा खटला, २००१) सर्वोच्च न्यायालयाने गृहिणीच्या सेवेचे मोल दरमहा ३,००० रुपये धरले. तो अपघात रस्त्यावरचा नव्हता. परंतु पुढे मोटार अपघातांच्या दाव्यांतही त्याचा आधार घेतला गेला. अरुणकुमार अगरवाल खटल्यात (२०१०) मृत स्त्रीला उत्पन्न नव्हते म्हणून खाली अडीच लाखच मंजूर झाले होते. सर्वोच्च न्यायालयाने ते सहा लाख केले. मोलकरीण ठरल्या वेळेपुरती काम करते, आईच्या कामाला घड्याळ नसते, तेव्हा दोघींची तुलना करता येत नाही, असा त्या निकालाचा आशय आहे.

सर्वांत महत्त्वाचा निकाल ५ जानेवारी २०२१ चा, कीर्ती खटल्यातला. त्यात २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर पाहणीचा दाखला आहे : घरकामात स्त्रिया दिवसाला सरासरी २९९ मिनिटे घालवतात, पुरुष ९७ मिनिटे. नोकरदाराच्या उत्पन्नात भावी वाढ धरतात, तशी ती गृहिणीच्या मानीव उत्पन्नातही धरली पाहिजे, असे न्यायालयाने ठरवले.

याने फरक किती पडतो ते पाहू. उदाहरणापुरते मानीव उत्पन्न दरमहा १२,००० रुपये धरू. वय चाळिशीच्या आत, म्हणून भावी वाढ ४० टक्के : १६,८००. आश्रित तीन, म्हणून मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक-तृतीयांश वजा : ११,२००. वर्षाचे १,३४,४०० झाले. ३६ ते ४० वयासाठी गुणक १५. एकूण २०,१६,००० रुपये. भावी वाढ धरली नाही तर हीच रक्कम १४,४०,००० होते. ५,७६,००० रुपयांचा हा फरक म्हणजे दोन मुलांचे शिक्षण आहे.

परंतु हा सारा हिशेब मानीव उत्पन्नाच्या पहिल्या आकड्यावर उभा असतो. तो आकडा किती धरायचा हे न्यायाधिकरण पुराव्यावरून ठरवते, आणि पुरावा द्यायचा असतो घरच्या माणसांनी. ती बाई काय काय करीत होती, हे आपल्यालाच सांगता आले नाही तर न्यायाधीशाने तरी काय लिहावे?

त्या दिवशी मी मामांना विचारले, "मामा, आता धार कोण काढतं?" ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "म्हैस विकली." थोड्या वेळाने त्यांनी अर्ज स्वतःच पुढे ओढला, रकान्यात 'गृहिणी' असे लिहिले, आणि मामींची कामे सांगू लागले. ती लिहून घ्यायला मला दोन पाने लागली.