'काळे पाणी' आणि 'जन्मठेप' : डमडमच्या संदर्भात एक शब्दविचार

'काळे पाणी' आणि 'जन्मठेप' हे शब्द मराठीत बहुधा समानार्थी योजले जातात. वस्तुतः पहिला शिक्षेचे स्थळ सांगतो, दुसरा तिची मुदत. हा भेद कलकत्त्यानजीकच्या डमडम कारागृहाच्या इतिहासात स्पष्ट होतो.

पोर्ट ब्लेअरची बंदिवसाहत १८५८ मधली. तेथील राजकीय कैद्यांना १९३७ च्या उपोषणानंतर मुख्य भूमीवर आणले गेले. समुद्र मागे पडला. शिक्षा मात्र सरली नाही. बंगालमधील कित्येकांना डमडम व अलीपूर येथे ठेवण्यात आले. १९३९ मध्ये तेथील कैद्यांना सुटकेसाठी पुन्हा उपोषण करावे लागले. सावरकरांनाही १९२१ मध्ये अंदमानातून आणल्यावर १९२४ पर्यंत तुरुंगातच राहावे लागले होते. त्यांच्या आत्मवृत्ताचे 'माझी जन्मठेप' हे नाव या दृष्टीने अन्वर्थक ठरते.

१९५६ पासून दंडसंहितेतील काळ्या पाण्याच्या शिक्षेची जागा आजन्म कारावासाने घेतली. 'काळे पाणी' इतिहासजमा झाले. 'जन्मठेप' न्यायालयांत अद्याप ऐकू येते. म्हणूनच अनुवादकाने दोहोंसाठी एकच प्रतिशब्द योजल्यास, समुद्र ओलांडून परतलेल्या, तरीही न सुटलेल्या डमडमच्या बंद्यांची व्यथा अनुवादातून गळून पडेल.