देवस्थानच्या गाळ्यात दुकान टाकताय? सही करण्याआधी हे वाचा



गाळा कसा निवडायचा या व्हिडिओनंतर सगळ्यात जास्त प्रश्न आले ते मंदिराच्या जागेबद्दल. गिऱ्हाईक आयतं, भाडं बऱ्याचदा बाजारापेक्षा कमी. मग घ्यावा का गाळा? घ्या की! पण एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा: तिथे तुमच्यासमोर बसून सही करणारा माणूस त्या जागेचा मालक नसतो.

माझी चूक

बीबीए झाल्यावर माझं पहिलं दुकान एका मंदिराच्या आवारात होतं, पूजा साहित्याचं. अध्यक्षांनी स्टॅम्प पेपरवर पाच वर्षांचा करार दिला, नोटरी केली. मी खूश. एक लाख डिपॉझिट भरलं, फर्निचरवर पावणेदोन लाख घातले. दीड वर्षात विश्वस्त मंडळ बदललं आणि नव्या मंडळाची नोटीस आली: करार मान्य नाही, गाळा रिकामा करा.

वकिलांनी कागद बघून एवढंच विचारलं, "ताई, धर्मादाय आयुक्तांची परवानगी कुठाय?" मी ते पहिल्यांदाच ऐकत होते. कोर्टात लढता आलं असतं, पण दुकान सांभाळू की तारखा? शेवटी तडजोड केली. डिपॉझिट परत मिळालं, चार महिन्यांची मुदत मिळाली. फर्निचरचे पैसे गेले ते गेलेच.

मालक कोण?

कायद्याच्या नजरेत देव ही एक व्यक्ती आहे, तिच्या नावावर मालमत्ता असू शकते. मध्य प्रदेशातल्या पुजाऱ्यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये स्पष्ट सांगितलं की मंदिराच्या जमिनीचा मालक देव, पुजारी फक्त व्यवस्था बघणारा. विश्वस्तही सांभाळणारेच. त्यामुळे त्यांना भाड्याने देण्याचे अधिकार मर्यादित असतात. आपले वाद इथूनच सुरू होतात.

सही करण्याआधी चार गोष्टी

१. पीटीआरचा उतारा काढा. म्हणजे सार्वजनिक न्यासांच्या नोंदवहीतला उतारा. धर्मादाय कार्यालयात मिळतो. विश्वस्त कोण आणि ट्रस्टची मिळकत कोणती, हे त्यात कळतं. सही करणाऱ्याचं नाव त्यात नसेल तर थांबा.

२. मंडळाचा ठराव मागा. एकट्या अध्यक्षाच्या शब्दावर जाऊ नका. "यांना हा गाळा इतक्या भाड्याने, इतक्या मुदतीसाठी" असा ठराव हवा, त्याची सही-शिक्क्याची प्रत तुमच्या फाइलला हवी.

३. मुदत बघा. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५०, कलम ३६. इमारत किंवा बिगरशेती जमीन ३ वर्षांपेक्षा जास्त आणि शेतजमीन १० वर्षांपेक्षा जास्त मुदतीने भाडेपट्ट्याने द्यायची, तर धर्मादाय आयुक्तांची आधी मंजुरी लागते. "नंतर घेऊ" चालत नाही. माझा पाच वर्षांचा करार इथेच अडकला. शिर्डी, पंढरपूर, सिद्धिविनायक अशा काही देवस्थानांना स्वतंत्र कायदे आहेत, तिथे तो कायदा बघा. मोकळी जमीन असेल तर सातबाराही काढा. त्यावर देवस्थान इनाम असेल तर वकिलाला दाखवल्याशिवाय एक रुपया देऊ नका.

४. करार रजिस्टर करा. नोटरी म्हणजे नोंदणी नव्हे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ जिथे लागू आहे तिथे कलम ५५ प्रमाणे करार लेखी आणि नोंदणीकृत हवा. ती जबाबदारी जागा देणाऱ्याची आहे, पण नुकसान आपलं होतं, म्हणून मागे लागा.

नोटीस आलीच तर?

घाबरू नका आणि दुर्लक्षही करू नका. भाडे नियंत्रण कायद्याखाली जागा काढून घ्यायला ठरावीक कारणं लागतात. भाडं थकवणं, लेखी परवानगीशिवाय पक्कं बांधकाम करणं, दुसऱ्याला पोटभाड्याने देणं, ही आपण स्वतः देतो ती कारणं. ट्रस्टला स्वतःच्या कामासाठी खरोखर जागा हवी असणं, हेही कारण आहे. पण तिथे कोर्ट दोन्ही बाजूंची अडचण तोलून बघतं.

भाडं घ्यायला नकार दिला तरी भाडं थांबवू नका. बँकेतून पाठवा, पुरावा ठेवा. थकबाकीची लेखी नोटीस आली तर ९० दिवसांच्या आत सगळं भरा. आणि कुणी कोर्टाच्या आदेशाशिवाय परस्पर कुलूप ठोकलं, तर विशिष्ट दिलासा कायद्याच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा करता येतो. सहा महिने म्हणजे सहाच. "बोलून मिटेल" म्हणत ते घालवू नका.

धंद्याचं गणित

मंदिराच्या गाळ्यात माझा आता एकच नियम आहे: जेवढी मुदत कागदावर पक्की, तिच्या निम्म्या काळात वसूल होईल एवढाच खर्च फर्निचरवर. ३ वर्षांचा करार असेल तर दीड वर्षात पैसे सुटले पाहिजेत. रॅक सुटे घ्या, उचलून नेता येतील असे. भिंत, पोटमाळा, फरशी यांना हात लावायचा तर आधी लेखी परवानगी.

आणि "देवाचं काम आहे, कागद कशाला?" असं कुणी म्हणालं, तर हात जोडून सांगा: देवाची मालमत्ता आहे म्हणूनच कागद हवा.

या आठवड्याचा गृहपाठ: ज्या गाळ्यावर डोळा आहे त्याच्या ट्रस्टचा नोंदणी क्रमांक शोधा आणि पीटीआरचा उतारा काढा. डिपॉझिटचा चेक त्यानंतर. तुमचा वाद आधीच सुरू असेल तर हा लेख वाचून थांबू नका, कागद घेऊन वकिलाकडे जा.

भेटू पुढच्या व्हिडिओत!