वलंदेजांचें भरीत

इ. स. १६३७ मध्यें डच ईस्ट इंडिया कंपनीनें वेंगुर्ल्यास आपली वखार घातली. त्या वखारीचे भग्नावशेष अद्याप तेथें पाहावयास मिळतात. जुन्या मराठी कागदपत्रांत या लोकांस ‘वलंदेज’ असें नांव आहे. इतिहासाच्या पुस्तकांत त्यांचीं गलबतें, त्यांच्या तोफा व त्यांचा मिरीचा व्यापार यांचें वर्णन येतें. परंतु हे लोक आपल्या घरीं, थंडीच्या दिवसांत, मुलाबाळांसह काय जेवतात हें सहसा कोणी सांगत नाहीं. ज्यांचें अन्न आपणांस ठाऊक नाहीं त्यांची ओळख अपुरीच म्हणावयाची. म्हणून विद्यार्थिमित्रहो, या लेखांत वलंदेजांच्या एका साध्या पदार्थाचा अभ्यास आपण करूं. पालकांनींही तो वाचावा, कारण शेवटीं त्यांच्याकडे एक मागणें आहे.

डच भाषेंत या पदार्थास ‘स्टाम्पॉट’ म्हणतात. ‘स्टाम्पेन’ म्हणजे ठेचणें व ‘पॉट’ म्हणजे हंडी. बटाटे आणि दुसरी एखादी भाजी एकाच हंडींत शिजवून ठेचावयाची, कीं झाला स्टाम्पॉट. आपण वांगें भाजून ठेचतों व त्यास भरीत म्हणतों. तेव्हां यासही भरीत म्हणण्यास हरकत नाहीं. कोबीच्या जातीची ‘केल’ नांवाची कुरळ्या पानांची भाजी, आंबविलेला कोबी, किंवा गाजरें व कांदे असे त्याचे अनेक प्रकार आहेत. यांपैकीं गाजर-कांद्याच्या भरतास ‘हुत्स्पॉट’ असें निराळें नांव असून त्याच्याशीं एक मोठा इतिहास जोडलेला आहे.

भरताबरोबर बहुधा धुरावलेलें सॉसेज वाढतात. डुकराचें मांस व चरबी बारीक करून त्यांत मीठ, मिरीं, जायफळ इत्यादि घालतात, तें मिश्रण स्वच्छ केलेल्या आंतड्यांत भरतात, आणि दोन्ही टोकें एकत्र बांधून घोड्याच्या नालासारखा आकार देऊन लांकडाच्या धुरांत टांगतात. हा केवळ जिभेचा चोचला नव्हता. हिंवाळ्यांत तेथील गवत संपे; सर्व जनावरें पोसणें शेतकऱ्यास अशक्य होई; म्हणून नोव्हेंबर महिन्यांत कांहीं जनावरें मारून त्यांचें मांस मीठ व धूर यांच्या साह्यानें टिकवावें लागे. गोमंतकांत ख्रिस्ती कुटुंबें डुकराच्या मांसास मीठ, मिरची, लसूण व शिरका लावून ‘चोरीस’ करितात, किंवा कोंकणांत पावसाळ्यासाठीं बोंबील व सुकट वाळवितात, त्याचें मूळही याच गरजेंत आहे.

आतां हुत्स्पॉटचा इतिहास पाहूं. सोळाव्या शतकांत नेदर्लंडवर स्पेनच्या राजाची सत्ता होती व तिच्याविरुद्ध तेथील लोकांनीं बंड पुकारलें होतें. १५७४ सालीं स्पॅनिश सैन्य लायडन शहरास वेढा देऊन बसलें. महिन्यांमागून महिने गेले. शहरांतील धान्य संपलें; उपासमार व रोगराई यांनीं हजारों माणसें दगावलीं. खुष्कीच्या मार्गानें मदत पोंचणें शक्य नव्हतें. हा देश अत्यंत सखल; आजही त्याची सुमारें चतुर्थांश भूमि समुद्रसपाटीच्या खालीं असून बांधांनीं राखलेली आहे. ऑरेंजचा राजपुत्र विल्यम याच्या आज्ञेनें ते बांधच फोडण्यांत आले आणि आपल्याच लोकांच्या शेतांवर पाणी सोडण्यांत आलें. २०१९ च्या महापुरांत पंचगंगेचें पाणी घरांत शिरतांना ज्यांनीं पाहिलें आहे, त्यांस हा निर्णय किती कठीण असेल हें सांगावयास नको. अखेर वादळी वाऱ्यानें पाणी चढलें, सपाट तळाचीं गलबतें शहराजवळ आलीं, शत्रु रातोरात निघून गेला, आणि ३ ऑक्टोबर १५७४ रोजीं लायडन मुक्त झालें.

परंपरा अशी सांगते कीं, कॉर्नेलिस नांवाचा एक मुलगा शत्रूच्या सोडून दिलेल्या तळावर गेला असतां त्यास तेथें एक हंडी सांपडली. तींत गाजरें, कांदे, पार्सनिप नांवाचें पांढरें कंद व मांस यांचें शिजविलेलें मिश्रण होतें. कथेंत दंतकथेचा अंश किती हें बाजूस ठेवूं. मुक्त झालेल्या शहरांत गलबतांनीं हेरिंग मासे व पाव आणले, आणि आजतागायत दरसाल ३ ऑक्टोबरला लायडनचे लोक हेरिंग, पांढरा पाव व हुत्स्पॉट खाऊन तो दिवस साजरा करितात. लक्षांत घ्या, विजयाच्या सणाला तेथें पक्वान्न नाहीं. भुकेल्या मुलास सांपडलेल्या हंडींतली भाजी आहे.

त्या हंडींत बटाटा मात्र नव्हता. बटाटा मूळचा दक्षिण अमेरिकेंतील अँडीज पर्वताचा. क्लूसियस नांवाचा विख्यात वनस्पतिशास्त्रज्ञ १५९३ सालीं लायडनच्या वनस्पति-उद्यानाचा प्रमुख म्हणून आला. त्यानें १६०१ मध्यें प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथांत बटाट्याचें वर्णन दिलें. पुढें अठराव्या शतकांत बटाटा गरिबांच्या ताटांत आला व हंडींतील पार्सनिपची जागा त्यानें घेतली. आपल्याकडेही तो पाहुणाच आहे; ‘बटाटा’ हा शब्द आपणांस पोर्तुगीजांकडून मिळाला. उपासाच्या खिचडींतील साबुदाणा ज्या कंदापासून करितात तो कंद, शेंगदाणे व मिरची हीं सर्व अमेरिकेंतूनच आलेलीं. ती मिरची आली नसती तर आमच्या कोल्हापुरी तांबड्या रश्श्याचें काय झालें असतें याचा विचार करावा! तात्पर्य, परकें अन्न व आपलें अन्न यांमधील भिंत आपण समजतों तितकी उंच नाहीं.

आतां कृति. चार माणसांस १ किलो बटाटे, अर्धा किलो गाजरें, अर्धा किलो कांदे, ५० ग्रॅम लोणी, अर्धी वाटी दूध, मीठ व मिरपूड एवढें साहित्य पुरे. सॉसेज घालावयाचें असल्यास धुरावलेलें व आधींच शिजविलेलें सुमारें ३०० ग्रॅम घ्यावें. गाजर बटाट्यापेक्षां सावकाश शिजतें. म्हणून गाजराचे काप पातळ करून तळाशीं घालावे, त्यांवर कांदे व सर्वांवर बटाट्याच्या मोठ्या फोडी ठेवाव्या. भाज्या अर्ध्या बुडतील इतकेंच थंड पाणी व मीठ घालून झांकण लावावें. उकळी आल्यावर मंद आंचेवर २५ ते ३० मिनिटें शिजूं द्यावें. सॉसेज शेवटचीं १५ मिनिटें भाज्यांवर ठेवून वाफेनेंच तापवावें. खळखळ उकळल्यास त्याची कातडी फुटते व आंतील रस निघून जातो.

भाज्या शिजल्यावर पाणी निथळून एका भांड्यांत राखावें. तें फेंकूं नये, कारण भाज्यांतील कांहीं क्षार व जीवनसत्त्वें त्यांत उतरलेलीं असतात. मग गरम असतांनाच लांकडी रवीनें अथवा तांब्याच्या बुडानें भाज्या ठेचाव्या आणि कढत दूध व लोणी मिसळावें. फार घोटूं नये. बटाट्याच्या पेशींत पिष्ट भरलेलें असतें. अति घोटल्यानें पेशी फुटून तें बाहेर येतें व भरीत खळीसारखें चिकट होतें. थोडे गोळे राहिले तरी बिघडत नाहीं. भरीत घट्ट वाटल्यास राखलेलें पाणी घालावें.

वाढण्याची रीत मोठी गमतीची आहे. ताटांत भरताचा ढीग करून त्याच्या मध्यभागीं खळगा पाडतात व त्यांत मांसाचा रस ओततात. आपण भाताचें आळें करून त्यांत आमटी घेतों तसेंच हें. आणि आळें फुटूं न देतां जेवण्याची हौस तेथील मुलांसही आहे. ज्यांच्या घरीं हें मांस, अथवा कोणतेंही मांस, वर्ज्य असेल त्यांनीं आळ्यांत तूप घालावें आणि धुराच्या स्वादासाठीं बाजूस निखाऱ्यावर भाजलेलें वांगें घ्यावें. केलच्या भरतासाठीं कोबीचीं बाहेरचीं हिरवीं पानें किंवा नवलकोलाचा पाला चिरून वापरावा. केल, कोबी, फुलकोबी व नवलकोल हीं एकाच वनस्पतीचीं भिन्न रूपें होत.

परंतु पाककृति शिकविणें एवढाच या लेखाचा हेतु नाहीं. वलंदेजांनीं भूक एकदांच पाहिली असें नाहीं. १९४४-४५ च्या हिंवाळ्यांत जर्मन अमलाखालीं त्यांच्या पश्चिमेकडील शहरांत अन्न येईनासें झालें. लोकांनीं ट्यूलिपच्या फुलांचे कंद व साखरेचें बीट खाऊन दिवस काढले, आणि सुमारें २०,००० माणसें मेलीं. ती आठवणही त्यांनीं पुसून टाकिली नाहीं. तो काळ काढलेल्या माणसांनीं ती आपल्या नातवंडांस सांगितली.

आपल्याकडे काय आहे? १९७२ च्या दुष्काळांत महाराष्ट्रांतील लक्षावधि स्त्रीपुरुष खडी फोडण्याच्या व बांधबंदिस्तीच्या कामांवर गेले. परदेशांतून आलेली तांबडी मिलो ज्वारी आणि कामावर वांटली जाणारी सुकडी यांवर कित्येक कुटुंबें जगलीं. कण्या, आंबील, हुलग्याचें माडगें या पदार्थांनींही अनेक घरांस वाईट दिवसांतून पार नेलें आहे. पण त्यांची कथा मुलांस किती घरांत सांगितली जाते? उलट, भाकरीचा डबा झांकून खाणारीं मुलें शाळाशाळांतून दिसतात. ज्या भाकरीनें आपल्या आजोबांस जगविलें तिची लाज वाटावी, आणि एका संपन्न शहरानें मात्र आपल्या भुकेची हंडी दरसाल सणाच्या पंक्तीस मानानें मांडावी, यांतील अंतर विचार करण्यासारखें आहे.

म्हणून पालकांकडे मागणें हें: आपल्या घराण्यानें कोणते दिवस काय खाऊन काढले, तें मुलांस न लाजतां सांगावें. आणि विद्यार्थ्यांनो, तुम्ही मंगळवार पेठेंत राहत असा वा खेड्यांतून शिकावयास येत असा, या सुटींत आपल्या आजीजवळ बसून असा एक पदार्थ तिच्याकडून समजून घ्या. त्याचें साहित्य, प्रमाण, कृति व तो कोणत्या सालीं कां करावा लागला हें वहींत लिहा. मग तो तिच्या देखरेखीखालीं स्वतः करा व सर्वांनीं मिळून खा. वलंदेजांचें भरीत करून पाहिलेंत तर उत्तमच. परंतु आजीची हंडी आधीं चुलीवर चढूं द्या.