टिमथी गवताचें नांव

नव्या करारांतील तीमथ्य हें नांव आपल्या शाळेंतील प्रत्येक विद्यार्थ्याच्या परिचयाचें आहे. त्याचेंच इंग्रजी रूप टिमथी. युरोप व उत्तर अमेरिका या खंडांत घोड्यांना घालावयाच्या एका वाळल्या गवतासही टिमथी म्हणतात. हें ऐकून त्या गवताचा पौलाच्या शिष्याशीं कांहीं संबंध असावा, असा तर्क आम्हीही प्रथम केला होता. तो चुकीचा ठरला.

हें गवत मूळचें युरोपांतील. तें बहुवर्षायु असून सुमारें एक मीटर उंच वाढतें. त्याचें कणीस दाट व लांबट गोल असतें. म्हणून इंग्लंडांतील लोक त्यास मांजराचें शेपूट म्हणूं लागले. वसाहतवाल्यांबरोबर तें अमेरिकेंत गेलें. तेथें न्यू हॅम्पशायर प्रांतांत सुमारें १७११ सालीं जॉन हर्ड नांवाच्या मनुष्यास तें आढळलें, असें सांगतात. त्यावरून तें हर्डचें गवत झालें. पुढें सुमारें १७२० सालीं टिमथी हॅन्सन या शेतकऱ्यानें त्याचें बीं दक्षिणेकडील वसाहतींत नेलें, अशी परंपरा आहे. तिकडे त्याचें पाळण्यांतलें नांवच गवतास मिळालें.

एकाच गवताचीं दोन नांवें झाल्यानें घोटाळा व्हावयाचा तो झालाच. कनेक्टिकटमधील जॅरेड इलियट हे धर्मोपदेशक शेतीचेही अभ्यासक होते. त्यांनीं बेंजामिन फ्रँक्लिन यांस एका नव्या गवताचें म्हणून हर्डचें बीं दिलें. फ्रँक्लिन यांनीं तें पेरलें. पण उगवलें तें त्यांच्या ओळखीचें टिमथीच! तसें त्यांनीं १७४७ सालीं इलियट यांस कळविलें. याहून चमत्कारिक गोष्ट अशी कीं, पेनसिल्व्हेनियांत हर्डचें गवत हें नांव भलत्याच एका गवतास देत असत. बीं विकत घेणाऱ्यानें केवळ नांवावर विसंबावें तरी कसें?

ही अडचण शास्त्रीय नांवानें दूर होते. स्वीडनच्या लिनियसनें १७५३ सालीं या गवतास फ्लेउम प्राटेन्से असें नांव दिलें. पहिला शब्द वेतासारख्या एका वनस्पतीच्या ग्रीक नांवावरून घेतलेला आहे; दुसऱ्याचा अर्थ कुरणांतील.

म्हणून लोकांनीं दिलेलीं नांवें टाकाऊ ठरतात काय? मुळींच नाहीं. आपल्याकडील कुसळी गवत पाहा. त्याचीं कुसळें धोतरास टोंचलीं नाहींत असा मनुष्य माळावर विरळा. त्याच्या शास्त्रीय नांवांतील कॉन्टॉर्टस या शब्दाचा अर्थ पिळलेलें. तो त्या कुसळांसच अनुलक्षून आहे. आपला शेतकरी व तो दूरचा शास्त्रज्ञ या दोघांचीही नजर एकाच ठिकाणीं पडली.

यंदाच्या सुटींत विद्यार्थ्यांनीं आपापल्या गांवचीं गवतें गोळा करावीं. प्रत्येकाचें कणीस वहींत दाबून ठेवावें व खालीं स्थानिक नांव आणि गांव लिहावें. नांव विसरलें तरी पुन्हां विचारतां येईल. परंतु कणीस नसेल, तर तें नांव कोणाचें हें कोण सांगणार?